संकल्पाचा चौथा मुद्दा

"त्यांनीच ठरवलं, त्यांनीच सह्या केल्या. मग ते करा म्हणून सांगायला हायकोर्ट कशाला लागतं?"

आईने हे मला १९९९ साली विचारले. वकिलीला दीड वर्ष झाले होते, आणि परदेशीपुऱ्यातल्या आमच्या दोन खोल्यांत माझ्या एखाद्या केसबद्दल बोलणे निघायची ती पहिलीच वेळ. मी जेवता जेवता तिला घटनेचा अनुच्छेद २२६ सांगितला, परमादेश म्हणजे सरकारी यंत्रणेला तिचे कर्तव्य करायला लावणारा कोर्टाचा आदेश, हेही सांगितले. तिने सगळे ऐकून घेतले, ताटात भाकरी वाढली आणि म्हणाली, "ते झालं रे. पण लागतं कशाला?"

त्या प्रश्नाभोवती माझी पंचवीस वर्षे गेली. इंदूर खंडपीठात मी जेवढी प्रकरणे लढलो त्यातली निम्मी तरी याच जातीची. रस्ता मंजूर झाला, पण झाला नाही. अतिक्रमण काढायचा आदेश निघाला, अतिक्रमण मात्र निघाले नाही. नोकरी पक्की केल्याचे पत्र आले, पगार कच्चाच राहिला.

आमच्याकडे मध्य प्रदेशात परिषदेच्या ठरावाला संकल्प म्हणतात. मराठी घरात वाढलेल्या माणसाला हा शब्द पाहिला की पूजा आठवते. गुरुजी संकल्प सांगतात, यजमान पळीने ताम्हनात उदक सोडतो, आणि पूजा तर अजून व्हायचीच असते. पालिकेत उदक सोडून झाले की सगळे प्रसाद घेऊन उठतात. मोर्चा येऊन गेलेला असतो, पेपरात दोन दिवस छापून आलेले असते, सभागृहात माइक ओढून झालेला असतो. संकल्प मंजूर झाला की हे सगळे थंडावते. लोकांना घरी पाठवण्यासाठी तो केलेला असतो, आणि लोक घरी गेलेले असतात. हे उत्तर मला सापडले तेव्हा आई नव्हती.

हे मला काही अकलेने कळले नाही, एका मास्तरांमुळे कळले. माळव्यातल्या एका छोट्या गावचे निवृत्त शिक्षक. त्यांच्या गल्लीचा रस्ता पालिकेने मंजूर करून चार वर्षे झाली होती. मी याचिका केली, आणि पहिल्याच सुनावणीत आदेश मिळाला: याचिकाकर्त्याच्या अभ्यावेदनावर साठ दिवसांत सकारण निर्णय घ्यावा. मी खूश. मास्तरांनी कोर्टाबाहेर पेढे वाटले. अठ्ठावन्नाव्या दिवशी त्यांना पत्र आले. त्याचा मथितार्थ असा की आपल्या अभ्यावेदनाचा सहानुभूतीने विचार करण्यात आला; रस्ता करण्याचा निर्णय पूर्वीच झालेला असल्याने नव्या आदेशाची आवश्यकता नाही. मास्तरांनी ते मला वाचून दाखवले. मध्येच थांबून खिशातले पेन काढून त्यातली एक व्याकरणाची चूक दुरुस्त केली, आणि पुढे वाचले.

कोर्टाचा आदेश तंतोतंत पाळला गेला होता. मी निर्णय मागितला होता, निर्णय मिळाला. त्यानंतर मी याचिकेतल्या मागणीचा परिच्छेद लिहायला शिकलो. पूर्वी मी पंचवीस पाने कायदा लिहायचो आणि मागणी चार ओळींत उरकायचो. आता उलटे करतो. कोणता अधिकारी, कोणत्या तारखेपर्यंत, खर्चाच्या कोणत्या मदातून, किती मीटर. ‘योग्य ती कार्यवाही’ हे तीन शब्द माझ्या टायपिस्टला सक्त मना आहेत. ते आदेशात आले की समजावे, आणखी दोन वर्षे गेली.

मधली सहा वर्षे मी दुसऱ्या बाजूला होतो, एका स्थानिक संस्थेच्या वकिलांच्या पॅनेलवर. नाव सांगत नाही. महिन्याला ठरावीक फी यायची, त्यातून मुलीची शाळा निघायची. कोर्टाच्या कामासाठी प्रत्येक प्रकरणात एक ओआयसी नेमतात, म्हणजे प्रभारी अधिकारी. तो पेशीच्या, म्हणजे सुनावणीच्या, दिवशी सव्वादहाला धापा टाकत नस्ती घेऊन यायचा आणि बहुतेक वेळा माझ्याबरोबर तोही ती पहिल्यांदाच उघडायचा. मग ठरलेली उत्तरे. उत्तर दाखल करायला वेळ द्यावा. निधी नाही. प्रस्ताव शासनाकडे पाठवला आहे. साहेब नुकतेच बदलून आले आहेत. हे काहीच चालले नाही तर माझा कायद्याचा मुद्दा: महापालिका अधिनियम १९५६ च्या कलम ६६ मधली कामे बंधनकारक, कलम ६७ मधली ऐच्छिक, हे काम ६७ मध्ये बसते, म्हणून परमादेश निघू शकत नाही. हा मुद्दा मी इतक्या वेळा मांडला आहे की झोपेत विचारले तरी मांडीन.

निधी नाही हे उत्तर द्यायला मला मनातून लाज वाटायची, कारण त्याचा निकाल आमच्याच माळव्यात, रतलाममध्ये, केव्हाच लागला होता. तिथल्या न्यू रोडवरच्या रहिवाशांनी गटाराच्या आणि उघड्यावरच्या शौचाच्या घाणीविरुद्ध फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १३३ खाली दंडाधिकाऱ्याकडे तक्रार केली. (हे कलम नव्या संहितेत १५२ झाले आहे, जुने वकील अजून १३३च म्हणतात.) दंडाधिकाऱ्याने नगरपालिकेला काम करायचा आदेश दिला. सत्र न्यायालयाने तो उलटवला, हायकोर्टाने पुन्हा उभा केला, आणि नगरपालिका पैसे नाहीत म्हणत सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली. २९ जुलै १९८० रोजी न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तिचे अपील फेटाळले. कायद्याने टाकलेले कर्तव्य तिजोरी रिकामी आहे म्हणून टळत नाही, हे त्यातले सार. देशभरात पर्यावरणाच्या पुस्तकांत हा निकाल शिकवतात. मला त्यातले एकच कायम खटकते: गटार बांधायला नाहीत म्हणणाऱ्या पालिकेकडे दिल्लीपर्यंत वकील लावायला पैसे होते. मीही त्यातलाच एक वकील होतो, फक्त दिल्लीचा नव्हतो.

पॅनेलवरच्या त्या वर्षांतला एक दिवस अजून टोचतो. रस्तारुंदीचे प्रकरण होते. संस्थेनेच निर्णय घेतलेला, बाधितांच्या हरकती फेटाळलेल्या, मोजणी झालेली, आणि मग सगळे ठप्प. रस्त्यातल्या एका इमारतीचा मालक बड्या माणसाचा नातेवाईक होता. रहिवासी परमादेश मागत होते, मी विरोधात. सुनावणीआधी संस्थेचा इंजिनिअर मला चहाला घेऊन गेला. भला माणूस होता, निवृत्तीला दोन वर्षे उरलेली. बशीत चहा ओतता ओतता, माझ्याकडे न बघता म्हणाला, "साहेब, ही केस हरलो तर बरं होईल. ऑर्डर हातात असली की मी वर दाखवू शकतो. आत्ता मशीन नेलं तर माझी बदली, ऑर्डर असली तर कोर्टाचं काम."

मी काही बोललो नाही. त्या दिवशी कलम ६७ चा मुद्दा माझ्या तोंडून निघाला नाही. विसरलो, असे मी स्वतःला सांगितले. आम्ही हरलो, रस्ता रुंद झाला. ज्याची फी घेतली त्याच्यासाठी मी पूर्ण ताकदीने लढलो का, याचे उत्तर मला ठाऊक आहे, आणि ते वकिलाला शोभणारे नाही. वर्षभरात मी पॅनेल सोडले. पण त्या बशीतल्या चहाने एक गोष्ट दाखवून दिली. परमादेश म्हणजे नाठाळ अधिकाऱ्याच्या पाठीतला चाबूक, असे आम्ही धरून चालतो. कित्येकदा तो भित्र्या अधिकाऱ्याच्या हातातली छत्री असतो, आणि तो स्वतःच आपल्याला सांगत असतो: आणा, ऑर्डर आणा, मग करतो. आता मी याचिका करण्याआधी त्या खात्यातल्या कोणाशी तरी चहा पितो. निम्मी कागदपत्रे तिथेच मिळतात. उरलेली २००५ पासून माहितीच्या अधिकारात, दहा रुपयांत.

घर मिलच्या वस्तीत असल्याने आदेश आणि पैसा यांच्यातले अंतर मी शेजारी पाहिले आहे. हुकुमचंद मिल १२ डिसेंबर १९९१ ला बंद पडली. ५,८९५ कामगार. माझे नाना दुसऱ्या मिलमध्ये साच्यावर होते, पण आमच्या गल्लीत त्या मिलची माणसे होती. २००७ मध्ये हायकोर्टाने कामगारांचे २२९ कोटी रुपये देणे ठरवले. वस्तीत फटाके वाजले. मग जमीन कोणाची यावर शासन आणि महापालिका यांचे चालू राहिले, जमीन विकायच्या निविदा निघाल्या, कोणी फिरकले नाही. मधे थोडे पैसे वाटले गेले. शेवटी गृहनिर्माण मंडळाने जमीन घ्यायची असा तोडगा निघाला आणि २५ डिसेंबर २०२३ रोजी सुमारे २२४ कोटींचे वाटप सुरू झाले. बंद पडल्यापासून बत्तीस वर्षे. दर पेशीनंतर संध्याकाळी ओट्यावर बसलेली म्हातारी माणसे मला विचारायची, "भिया, आज काय म्हणाले?" मी त्या केसमध्ये वकील नव्हतो, पण काळा कोट बघितला की विचारायचेच. आधी ओट्यावर सात जण असायचे. वाटप झाले त्या वर्षी दोघे उरले होते, आणि बाकीच्यांचे वारस वारसाचे दाखले घेऊन माझ्या दारात. त्या महिन्यात मी शपथपत्रांशिवाय दुसरे काही केले नाही.

आदेश पाळला नाही की करायच्या अवमान याचिकेबद्दल लोकांच्या डोक्यात सिनेमा असतो. आयुक्ताला बेड्या वगैरे. कायद्यात कमाल शिक्षा सहा महिने आणि दंड दोन हजार रुपये, आणि मी माझ्या कोणत्याही प्रकरणात एक दिवसही कोणाला आत गेलेले पाहिले नाही. पण अवमानाची एक खुबी आहे. तिथे संस्था नसते, माणूस असतो, नावानिशी. तोपर्यंत ‘मुख्य नगरपालिका अधिकारी’ नावाची खुर्ची वेळ मागत असते. आता श्रीयुत अमुक यांना स्वतः उभे राहावे लागते. माणसाला रात्री झोप येत नाही, खुर्चीला येते. म्हणूनच नोटीस निघाली की बदलीची धावपळ सुरू होते. नवा येतो, हात जोडतो, "मी तर आत्ताच चार्ज घेतला", आणि घड्याळ पुन्हा शून्यावर. वर एक वर्षाची मुदत. आदेश मोडल्यापासून वर्षाच्या आत आला नाहीत तर अवमान गेला. दोनदा माझे पक्षकार तेरा महिन्यांनी आले होते. साहेबांनी दिवाळीनंतर करतो म्हणून सांगितले होते, म्हणून थांबलो, म्हणाले.

हेच हात ठरवले तर किती चपळ होतात, तेही आमच्या राज्यात सगळ्यांनी पाहिले आहे. आरोपीचे घर असले की जेसीबी दुसऱ्या दिवशी सकाळी दारात. त्यावर सर्वोच्च न्यायालयाला १३ नोव्हेंबर २०२४ ला सांगावे लागले की किमान पंधरा दिवसांची नोटीस द्या. आणि दुसरीकडे ३० मार्च २०२३, रामनवमी. इंदूरच्याच पटेल नगरातल्या बेलेश्वर मंदिरात जुन्या बावडीवर टाकलेला स्लॅब हवनाच्या गर्दीखाली कोसळला. छत्तीस माणसे गेली. तिथले बेकायदा बांधकाम काढण्याच्या नोटिसा महापालिकेने आधीच दिलेल्या होत्या. अपघातानंतर चार दिवसांत ते बांधकाम पाडले गेले. त्या आठवड्यात मी माझ्या कपाटातल्या सगळ्या प्रलंबित फायली काढून पाहिल्या, कोणत्या कागदाखाली विहीर आहे ते.

शहराचा बीआरटीएस, म्हणजे बससाठी राखलेला मार्ग, तर सगळ्यांच्या डोळ्यांसमोरचा. २०१३ मध्ये सुरू झालेला साडेअकरा किलोमीटरचा पट्टा. काढून टाकायचे शासनानेच जाहीर केले, फेब्रुवारी २०२५ मध्ये हायकोर्टाने परवानगी दिली, आणि मग तोडायचे काम एवढे रेंगाळले की कोर्टालाच विचारावे लागले, काय झाले त्याचे? एलआयजीच्या सिग्नलवर अर्धवट तुटलेल्या रेलिंगपाशी स्कूटर थांबली की मला आई आठवायची.

पण ज्या प्रकरणाने माझी खोड मोडली ते यातले कोणतेच नव्हे. ते मी जिंकलेले होते.

इंदूरहून दोन तासांवरचे तहसीलचे गाव. बाजाराच्या मधून एक नाला जातो. नाल्यावर फळ्या टाकून नऊ गुमट्या, म्हणजे टपऱ्या, उभ्या होत्या. चहा, पंक्चर, पान, चपला शिवणारा. पावसाळ्यात पाणी तुंबले की मागच्या पक्क्या दुकानांत गुडघाभर शिरायचे. २०११ मध्ये परिषदेने संकल्प केला, त्यात पाच मुद्दे: पाहणी, नाल्यावरची अतिक्रमणे काढणे, गाळ काढून आरसीसी स्लॅब टाकणे, हटवलेल्या नऊ जणांना बसस्टँडमागे जागा देणे, खर्चाचा मद. माझा पक्षकार कापडाचा व्यापारी. दर पावसाळ्यात त्याचे तागे भिजायचे. याचिकेत मी दुसरा आणि तिसरा मुद्दा मागितला, तारखेसकट, मीटरसकट. २०१४ मध्ये आदेश झाला. काही झाले नाही. अवमान. अधिकारी बदलला. पुन्हा नोटीस, या वेळी हमदस्त, मी स्वतः नेऊन दिली.

पेशीच्या आदल्या रात्री अकराला व्यापाऱ्याचा फोन आला. "वकीलसाहेब, ऐका." फोनमधून जेसीबीचा आवाज येत होता. हॅलोजन लावून रातोरात गुमट्या उचलल्या. सकाळी साडेदहाला पालन अहवाल कोर्टात, सोबत अकरा फोटो. स्लॅबसाठी तीन महिने मागितले आणि खरोखर तीन महिन्यांत तो टाकलाही. पंचवीस वर्षांत एवढे स्वच्छ पालन मी क्वचितच पाहिले. प्रकरण निकाली.

स्लॅब झाल्यावर व्यापाऱ्याने मला बोलावून शाल दिली. तिथून निघताना एक बाई आडवी आली. साठीच्या आसपासची. मी तिला ओळखले, कारण सहाव्या फोटोत ती होती. एका हातात स्टोव्ह, दुसऱ्या हातात किटली, बाजूला उभी, जणू कोणी तिला फोटोसाठी उभे केले असावे. म्हणाली, "भिया, त्या कागदात आमचं पण होतं ना? नातू वाचून सांगत होता."

मी घरी आल्यावर फाइल काढली. संकल्पाची माझी प्रत शेकडो वेळा हाताळलेली, कडा मऊ पडलेली. दुसऱ्या आणि तिसऱ्या मुद्द्याखाली लाल रेघ. चौथ्या मुद्द्यावर पेन्सिलीने माझ्याच हाताची आडवी काट, आणि समासात दोन शब्द: ‘संबंध नाही’.

पाच मुद्द्यांचा तो एक निर्णय होता. गुमट्या काढणे आणि जागा देणे ही त्याच सौद्याची दोन टोके. परिषदेत त्यावर भांडण झाले असणार, कोणीतरी तो चौथा मुद्दा अडून बसून घालून घेतला असणार. मी कोर्टाला घेऊन अर्धा निर्णय अमलात आणला. दुसरा अर्धा कोणी मागितला नाही, म्हणून कोर्टाने दिला नाही. कोर्ट मागितलेले देते. एव्हाना फेरीवाल्यांचा २०१४ चा कायदाही लागू झाला होता. तो मला माहीत नव्हता असे नाही.

मी त्या नऊ जणांसाठी फी न घेता याचिका करायचे ठरवले. वकालतनामा घेऊन गेलो. सहा जणांनी अंगठे-सह्या दिल्या, दोघे गाव सोडून गेले होते. बाईने कागद हातातही घेतला नाही. "तुमचा कागद एकदा बघितला, भिया," म्हणाली. रागाने नाही, गिऱ्हाइकाला उधारी नाही म्हणून सांगावे तसे.

२०१८ मध्ये त्या सहांचा आदेश झाला. बसस्टँडच्या मागे, मुतारीच्या अंगाला, चुन्याने सहा चौकोन आखून मिळाले, प्रत्येकी सहा बाय चार. एकाने तिथे पंक्चरचे दुकान लावले, एकाने चौकोन भाड्याने दिला, बाकीचे चौघे महिन्याभरात उठले. तिथे कोणी येत नाही. पालन अहवालात सहाही चौकोनांचे फोटो आहेत.

मागच्या फेब्रुवारीत दुसऱ्या कामाने त्या गावी गेलो होतो. सकाळी आठची वेळ. नाल्यावरच्या स्लॅबवर, कापडाच्या दुकानाच्या अगदी पुढे, हातगाडी उभी होती. किटली तीच असावी. नगरपालिकेची गाडी साडेनवाला येते, तोवर चालते, असे शेजारचा म्हणाला. मी चहा घेतला. तिने मला ओळखले की नाही, कळले नाही. मी पन्नासची नोट पुढे केली.

"सुटे द्या," ती म्हणाली.